चौकटीबाहेरील दुरुस्ती : संगणकीय खेळांतील रेझोल्यूशन आणि पाठनिश्चितीचा प्रश्न

संगणकीय खेळांविषयी मराठीत जे थोडेफार समीक्षणात्मक लेखन होते, त्यात कथानक, संगीत, पात्ररचना, क्वचित चित्रशैली यांची चर्चा असते. परंतु समीक्षकाने तो खेळ किती रुंद व किती उंच चौकटीत पाहिला, याचा उल्लेख सहसा आढळत नाही. छापील अथवा हस्तलिखित ग्रंथाबाबत अशी मोकळीक कोणी घेत नाही. ज्ञानेश्वरीतील एखाद्या ओवीवर प्रबंध लिहिणाऱ्याने ती कोणत्या प्रतीतून घेतली हे सांगावे लागते; त्याने न सांगितल्यास परीक्षक विचारतो. खेळाच्या बाबतीत मात्र पडद्यावर जे उमटले तोच खेळ, असे गृहीत धरले जाते. हे गृहीत किती ठिसूळ आहे, हे रेझोल्यूशनसंबंधीच्या एका क्षुल्लक वाटणाऱ्या तक्रारीवरून ध्यानात येते.

तक्रार सर्वपरिचित आहे. खेळ सुरू होतो, पडदा काळा होतो, आणि आलेला संकेत आपल्या मर्यादेबाहेरचा आहे अशा अर्थाची पाटी दाखवून मॉनिटर स्वस्थ बसतो. खेळाने मागितलेले माप मॉनिटरला पेलत नाही. माप बदलण्याची सोय मेनूत आहे. मेनू खेळाच्या आत आहे. आणि खेळ तर दिसत नाही. किल्ली आत ठेवून पेटी मिटावी, तसा हा प्रकार होय. याचा दुसरा प्रकार किंचित सौम्य असतो. खेळ दिसतो, परंतु मेनूतील यादीत समोरच्या मॉनिटरचे मापच नसते. मग जवळचे एखादे माप निवडावे लागते आणि गाडीचे गोल चाक अंडाकृती दिसू लागते. तिसऱ्या प्रकारात मापही बरोबर असते, चाकही गोल असते. केवळ चित्राचा वरचा व खालचा भाग नाहीसा झालेला असतो. हा तिसरा प्रकार सर्वांत फसवा, कारण काही नाहीसे झाले आहे हे पाहणाऱ्यास कळण्याचा मार्गच नसतो. पहिल्या प्रकारात दोष स्वतःच ओरडून सांगतो; तिसऱ्यात तो मौन पाळतो.

या तिन्हींचे मूळ यंत्राच्या इतिहासात आहे. जुन्या काचनळीच्या मॉनिटरवर किरणाने कमीजास्त रेषा आखल्या तरी चित्र बहुधा साफ दिसे. ६४० × ४८०, ८०० × ६००, १०२४ × ७६८ ही सर्व मापे त्याला सारखीच मानवत, आणि तिन्हींचे प्रमाण ४ : ३ हेच होते. सपाट पडद्याचे तसे नाही. त्यात पिक्सेलांची, म्हणजे प्रकाशबिंदूंची, संख्या कारखान्यातच ठरलेली असते. त्याहून वेगळे माप मागितले की चित्र ओढूनताणून बसवावे लागते. २०१० नंतरच्या दशकात स्वस्त लॅपटॉपांवर रूढ झालेले १३६६ × ७६८ हे माप तर मोठे विक्षिप्त आहे. ते १६ : ९ या प्रमाणाच्या अगदी जवळ जाते, पण नेमके त्यात बसत नाही, १३६६ ला आठाने भाग जात नसल्यामुळे काही जुन्या याद्यांत त्याऐवजी १३६० × ७६८ दिलेले आढळते. यवतमाळ, पुसद वा वणी येथे खेळांचा अभ्यास करू पाहणाऱ्या पदव्युत्तर विद्यार्थ्याच्या हाती बहुधा याच मापाचा पडदा येतो. त्याच्या वाट्याला येणारा खेळ निर्मात्याने पाहिलेला खेळच आहे काय, हा प्रश्न त्यामुळे केवळ यंत्रकारागिराचा राहत नाही.

पाठ आणि त्यापर्यंत पोचण्याची वाट या दोहोंतील अंतराचा प्रश्न यवतमाळला नवा नाही. महानुभावीय मराठी वाङ्मयावर १९२५ साली ग्रंथ सिद्ध करणारे डॉ. य. खु. देशपांडे (१८८४–१९७०) यवतमाळचे, आणि हस्तलिखितांच्या संग्रहासाठी व संशोधनासाठी ज्ञात असलेला शारदाश्रमही यवतमाळचाच. महानुभावांचे ग्रंथ शतकानुशतके उपलब्ध होते, पण सकळ लिपीसारख्या सांकेतिक लिप्यांत असल्यामुळे पंथाबाहेरच्या वाचकास ते अदृश्यच होते. विसाव्या शतकाच्या आरंभी त्या लिपीची किल्ली पंथाबाहेरील संशोधकांच्या हाती लागली आणि मराठी गद्याच्या इतिहासाची सुरुवातच पुन्हा लिहावी लागली. ग्रंथ तेच होते. वाचण्याची वाट तेवढी बदलली. तथापि हे साम्य फार ताणण्यात अर्थ नाही. महानुभावांनी लिपी हेतुपूर्वक स्वीकारली होती. खेळाचा मेनू जे लपवितो ते बहुधा अनवधानाने किंवा सोयीसाठी. परंतु जे पानावर दिसत नाही तेही पाठाचा भाग असू शकते, आणि ते पाहावयाचे तर पानाच्या बाहेर जावे लागते, हा धडा तेथून घेण्यास हरकत नाही.

मेनूच्या बाहेर जाणे म्हणजे काय, हे पाहण्यासाठी ‘क्वेक थ्री अरीना’ हा खेळ उपयुक्त आहे. अमेरिकेतील इड सॉफ्टवेअर या संस्थेने तो डिसेंबर १९९९ मध्ये प्रसिद्ध केला, आणि ऑगस्ट २००५ मध्ये त्याची मूळ आज्ञावली सर्वांस खुली केली. त्यामुळे या खेळाविषयी अनुमानावर विसंबण्याचे कारण राहत नाही. संहिता उघडून पाहता येते. या संहितेत मापांची एक सारणी आहे. शून्यापासून अकरापर्यंत बारा क्रमांक, आणि प्रत्येकापुढे एक माप : ३२० × २४० पासून २०४८ × १५३६ पर्यंत. शेवटचा, अकरावा क्रमांक ८५६ × ४८० या रुंद मापाचा. तो व आठव्या क्रमांकाचे १२८० × १०२४ सोडल्यास बाकी सर्व मापे ४ : ३ प्रमाणाची आहेत. मेनू वापरणाऱ्यास हीच बारा मापे दिसतात. परंतु याच संहितेत या सारणीबाहेरचा आणखी एक क्रमांक मान्य केलेला आहे, तो म्हणजे उणे एक. ‘आर-मोड’ या चलाला उणे एक ही किंमत दिली, की खेळ सारणीकडे न पाहता ‘आर-कस्टमविड्थ’ व ‘आर-कस्टमहाइट’ या दोन चलांत लिहिलेली रुंदी व उंची घेतो. हे दोन चल मोकळे सोडले तर त्यांत १६०० व १०२४ हे आकडे असतात. हेच माप सिलिकॉन ग्राफिक्स या कंपनीच्या १९९८ मधील रुंद सपाट मॉनिटरचे होते, हा योगायोग असल्यास मनोरंजक आहे. म्हणजे रुंद पडद्याची जाणीव निर्मात्यांस होती. तिला संहितेत जागा मिळाली, मेनूत मिळाली नाही.

येथवर हे केवळ अपुरेपण म्हणता येईल. पुढचा भाग मात्र अधिक गंभीर आहे. एखाद्याने उणे एक लिहून १३६६ × ७६८ हे माप मिळविले आणि नंतर मेनू उघडला, तर मेनू त्यास काय दाखवितो? संहितेतील चित्रमेनूच्या भागात ‘आर-मोड’ शून्याहून कमी असल्यास तो तीन समजावा, अशी आज्ञा आहे. तीन म्हणजे ६४० × ४८०. समोर १३६६ × ७६८ चे चित्र असताना मेनू ६४० × ४८० असे सांगतो. एवढेच नव्हे, तर त्याच पानावरील दुसरीच एखादी गोष्ट, उदाहरणार्थ रंगांची खोली, बदलून ती लागू केली, तर मेनू आपले खोटे विधान खरे करून दाखवितो. उणे एक पुसले जाऊन तीन लिहिले जाते. जी किंमत मेनूला उच्चारता येत नाही, ती तो नाकारतो व नंतर नष्ट करतो. एखाद्या लेखकूने न कळलेल्या शब्दाच्या जागी आपल्या परिचयाचा शब्द घालावा आणि पुढील सर्व प्रतींत तोच चालावा, याहून हे वेगळे नाही. मेनूला खेळाची अनुक्रमणिका मानणाऱ्या समीक्षकाने हे स्थळ अवश्य पाहावे.

दुरुस्तीची जागाही तितकीच बोलकी आहे. या खेळाच्या सर्व किंमती ‘क्यूथ्रीकॉन्फिग’ नावाच्या साध्या मजकुराच्या फाइलमध्ये लिहिलेल्या असतात. ती कोणत्याही साध्या लेखनसाधनात उघडते. तिच्या आरंभीच, ही फाइल खेळाने स्वतः सिद्ध केलेली असून तीत कोणी बदल करू नये, अशा अर्थाची सूचना आहे; आणि तरीही मॉनिटर काळा पडल्यावर तिच्याखेरीज फारशी गती नसते. सूचना निरर्थक मात्र नाही. साठवावयाची एखादी किंमत बदलली की खेळ ती फाइल पुन्हा लिहितो, त्यामुळे खेळ चालू असताना तीत केलेली दुरुस्ती वाया जाते. यावरचा शहाणपणाचा मार्ग संहितेतच आहे. खेळ सुरू होताना तीन फाइली क्रमाने वाचतो : प्रथम निर्मात्याच्या मूळ किंमती, मग मागील खेळात साठविलेल्या, आणि शेवटी ‘ऑटोएक्झेक’ ही, खेळणाऱ्याने स्वतः लिहिलेली. नंतरचा शब्द आधीच्यावर मात करतो. खेळ ‘ऑटोएक्झेक’ला कधीही हात लावीत नाही. मूळ, परंपरेने आलेला पाठ, आणि संपादकाची शेवटची लेखणी असे हे तीन थर आहेत. शिवाय खेळ सुरू करण्याच्या आज्ञेतच ‘सेफ’ हा शब्द जोडला, तर मधली फाइल वाचलीच जात नाही. बिघडलेली परंपरा ओलांडून थेट मुळाकडे जाण्याची ही वाट आहे.

मात्र माप दुरुस्त केल्याने चौकट दुरुस्त होत नाही, हे या खेळात लगेच प्रत्ययास येते. ‘क्वेक थ्री’ आडवा दृष्टिकोन ९० अंश ठरवून घेतो व उभा दृष्टिकोन त्यावरून काढतो. ४ : ३ च्या पडद्यावर उभा कोन सुमारे ७४ अंश येतो, १६ : ९ च्या पडद्यावर तो सुमारे ५९ अंशांवर घसरतो. रुंद पडदा घेणाऱ्यास अधिक दिसावे ही स्वाभाविक अपेक्षा. येथे त्यास कमी दिसते. चित्राच्या प्रतलावर मोजल्यास उंचीचा नेमका चौथा हिस्सा जातो. तो परत मिळवावयाचा तर ‘सीजी-एफओव्ही’ या चलाची किंमत ९० वरून १०६ च्या आसपास न्यावी लागते. पण हीच किंमत १६० पर्यंतही वाढविता येते, आणि समोरासमोरच्या सामन्यात ज्याला अधिक दिसते त्याचा लाभ होतो. म्हणून सामना चालविणाऱ्यास हा कोन सर्वांसाठी ९० वर बांधून टाकण्याची सोय खेळात ठेवलेली आहे. दुरुस्ती आणि लबाडी यांच्यामधली रेषा किती बारीक असते, हे निर्मात्यांनीच येथे मान्य केले आहे. उणिवेची भरपाई करणारा व मर्यादा ओलांडणारा, दोघेही त्याच ओळीत आकडा लिहितात.

‘क्वेक’मध्ये दृष्टी खेळणाऱ्याची असते, तो मान वळवील तिकडे चौकट वळते. त्यामुळे कापलेला चतुर्थांश मान वर करून पाहता तरी येतो. चौकट जेथे कर्त्याच्या हाती आहे, तेथे हा प्रश्न अधिक अवघड होतो, आणि त्याचे उदाहरण महाराष्ट्रातच उपलब्ध आहे. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्स या संस्थेचा ‘राजी : अ‍ॅन एन्शंट एपिक’ हा खेळ ऑगस्ट २०२० मध्ये प्रथम निन्टेन्डो स्विच या यंत्रावर, आणि ऑक्टोबर २०२० मध्ये संगणक व इतर यंत्रांवर आला. राक्षसांनी पळविलेल्या गोलू नावाच्या भावाच्या शोधात निघालेली राजी ही त्याची नायिका. दुर्गा आणि विष्णू हे तिच्या वाटचालीवर भाष्य करणारे. राजस्थानी वास्तुशिल्पाचा आणि पहाडी चित्रशैलीचा ठसा त्यावर आहे. कथेतील मधले प्रसंग छायाबाहुल्यांच्या रीतीने येतात, आणि वाटेतील भित्तिचित्रांपाशी थांबले की पुराणकथा ऐकू येतात. या खेळात कॅमेरा फिरविणे खेळणाऱ्याच्या हाती नाही. कोठून, किती अंतरावरून, किती आकाश ठेवून पाहावयाचे हे निर्मात्यांनी ठरविले आहे. विशाल प्रासादापुढे नायिका इवलीशी दिसावी, ही रचना या कॅमेऱ्यावरच उभी आहे. येथे चौकट हे खेळाचे साधन नसून त्याची वाक्यरचना आहे.

हा खेळ अनरियल इंजिनच्या चौथ्या आवृत्तीवर बांधलेला आहे. त्या इंजिनात कॅमेऱ्यासंबंधीची मूळ नेमणूक अशी की आडवा दृष्टिकोन कायम ठेवावा व उभा त्यानुसार बदलू द्यावा. निर्मात्यांनी मुद्दाम वेगळे काही नेमले नाही, तर या इंजिनावरचा कोणताही खेळ याच नियमाने वागतो. १६ : ९ साठी रचलेले चित्र २५६० × १०८० च्या अतिरुंद पडद्यावर या नियमाने दाखविले, तर किती उंची जाते? पुन्हा नेमका चौथा हिस्सा. या योगायोगामागे साधे गणित आहे. ४ : ३ चा वर्ग १६ : ९, आणि त्याचा घन ६४ : २७, २५६० × १०८० हे माप ६४ : २७ याच प्रमाणाचे आहे. पडद्यांच्या धंद्याने दोनदा सारखीच उडी मारली, आणि दोन्ही वेळा रुंदीला प्रमाण मानणाऱ्या संहितेने सारखाच तुकडा गमावला. ‘क्वेक’च्या काळी रुंद पडदा अपवाद होता, असा बचाव तरी करता येत असे, वीस वर्षांनंतर तो तितकासा पटत नाही.

यावरील मेनूबाहेरचा उपाय विंडोजवर खेळणाऱ्यांच्या परिचयाचा आहे. या इंजिनाचे खेळ वापरणाऱ्याच्या स्थानिक माहितीच्या कप्प्यात ‘सेव्हड’ व त्याखाली ‘कॉन्फिग’ नावाच्या फोल्डरांत आपल्या फाइली ठेवतात. त्यांपैकी ‘गेमयूजरसेटिंग्ज’ या फाइलीत रुंदी, उंची आणि पडद्याचा प्रकार (शून्य म्हणजे संपूर्ण पडदा, एक म्हणजे बिनकाठाची पूर्ण खिडकी, दोन म्हणजे साधी खिडकी) लिहिलेले असतात. काळ्या पडद्याच्या रोगावर तेवढे पुरते; सर्वांत निर्धोक म्हणजे शून्याचे दोन करून खेळ आधी खिडकीत उघडणे. कापलेल्या उंचीसाठी मात्र शेजारच्या ‘इंजिन’ नावाच्या फाइलीत, उभा कोन कायम ठेवावा अशी ओळ नव्याने घालावी लागते. खेळाने ती ओळ पुन्हा पुसू नये म्हणून कित्येक जण फाइलीवर ‘केवळ वाचनासाठी’ अशी खूण करून ठेवतात. एकनाथांनी शके १५०६ मध्ये ज्ञानेश्वरीची प्रत शुद्ध केली आणि पुढे कोणी तीत आपली ओवी घालू नये असे बजावले. त्या निर्बंधाची आठवण या खुणेने झाल्यावाचून राहत नाही.

परंतु एकनाथांपुढील हेतू मूळ पाठाकडे परतण्याचा होता. उभा कोन कायम केलेल्या ‘राजी’त पाहणारा मुळाकडे परततो काय? वरखालचा चतुर्थांश परत येतो हे खरे, पण त्याबरोबर डाव्या-उजव्या बाजूंना कर्त्याने कधीच न मोजलेला भाग चौकटीत शिरतो. चित्रकाराने भिंतीची कड जेथे चौकटीबाहेर ठेवली, तेथे ती कड दिसू लागण्याची शक्यता निर्माण होते. नायिकेचे इवलेपण टिकते, पण तिच्या भोवतीची मोकळीक वाढते. म्हणजे एका नेमणुकीत कर्त्याचे चित्र तोकडे होते आणि दुसऱ्या नेमणुकीत ते पातळ होते. दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या ठेवून मधोमध १६ : ९ चे चित्र दाखविणे, हा तिसरा मार्ग खेळणाऱ्यांत अप्रिय आहे. पैसे मोजून घेतलेला पडदा रिकामा राहतो, हे त्यांना खपत नाही. समीक्षकाने मात्र याच मार्गाचा आग्रह धरावयास हवा. रंगमंच रुंद मिळाला म्हणून नेपथ्य ताणले जात नाही. विंगा आत ओढल्या जातात. खेळणाऱ्याची दुरुस्ती आणि अभ्यासकाची दुरुस्ती येथे वेगळ्या होतात, आणि या दोहोंचा घोटाळा केल्यानेच खेळांतील चित्ररचनेविषयी वाटेल तशी विधाने करता येतात.

अतिरुंद पडदा हा तसा हौशी माणसाचा प्रश्न झाला. १३६६ × ७६८ च्या लॅपटॉपवर ‘राजी’ पाहणाऱ्या विद्यार्थ्याचे प्रमाण १६ : ९ च्या इतके निकट असते की त्याचे कापले काहीच जात नाही. त्याचे नुकसान निराळे आहे. १९२० × १०८० च्या पडद्यावर २०,७३,६०० बिंदू असतात; त्याच्या पडद्यावर १०,४९,०८८, म्हणजे निम्म्याहून किंचित अधिक. पण तेवढेही त्यास मिळतात असे नाही. अनरियलच्या त्याच फाइलीत रेझोल्यूशनच्या प्रतीचा एक आकडा शतमानात असतो. दुबळ्या यंत्रावर खेळ सुरळीत चालावा म्हणून तो ५० वर आणला, तर चित्र आतल्या आत ६८३ × ३८४ या मापाने रेखाटले जाते आणि मग फुगवून पडद्यावर पसरले जाते. ते बिंदू २,६२,२७२ भरतात. ‘क्वेक थ्री’चा मेनू १९९९ मध्ये ज्या ६४० × ४८० वर येऊन थांबे, त्यात ३,०७,२०० बिंदू होते. म्हणजे २०२० मधील चित्र १९९९ मधील चित्राहून कमी बिंदूंत काढले गेले. यातील सर्वांत फसवी गोष्ट अशी की अक्षरे व मेनू या टक्केवारीतून वगळलेले असतात. ते पूर्ण मापाने रेखाटले जातात. पाहणाऱ्यास पाटीवरची अक्षरे कातीव दिसतात, मेनूत १३६६ × ७६८ असा आकडा दिसतो, आणि भिंतीवरच्या चित्रातील रेषा तेवढी भरड दिसते. अशा पडद्यावरून ‘राजी’च्या भित्तिचित्रांत पहाडी शैलीचा नाजूकपणा उतरलेला नाही असा निष्कर्ष प्रबंधात आला, तर तो खोडून काढण्यापूर्वी मार्गदर्शकाने विद्यार्थ्याकडून ती फाइल मागवून घ्यावी आणि तो आकडा किती आहे हे पाहावे.